गाणारी माय : बहिणाबाई चौधरी

आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनानिमित्त स्मरणिका निघणार असून तीत सभासद भगिनींनी एखाद्या थोर स्त्रीविषयी लिहावे, असा अध्यक्षबाईंचा निरोप आला, त्या वेळी माझ्या शेगडीवर कुरडयांचा चीक रटरटत होता. मी काही लेखिका नव्हे. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. किराण्याची यादी आणि राखीबरोबर भावाला चार ओळींची चिठ्ठी, यापलीकडे माझ्या हाताला लेखणीची सवय नाही. म्हणून प्रथम मी नाहीच म्हटले. परंतु चीक ढवळता ढवळता मनात आले की, जिला लिहिण्यावाचण्याचे एक अक्षर येत नव्हते आणि तरीही जिचे नाव महाराष्ट्रात घरोघर माहीत झाले, अशा एका बाईविषयी तरी आपल्याला चार शब्द लिहिता येतील. तिनेही जे काही केले ते चूल, जाते आणि शेत सांभाळूनच केले.

ती बाई म्हणजे जळगावच्या बहिणाबाई चौधरी. संत तुकारामांना गुरू मानणाऱ्या बहिणाबाई सतराव्या शतकात होऊन गेल्या, त्या निराळ्या. नावामुळे पुष्कळांचा घोटाळा होतो, म्हणून आधीच सांगून टाकते.

आपण जिजामातेची, अहिल्यादेवींची, सावित्रीबाईंची चरित्रे नेहमी वाचतो. कोणी राज्य सांभाळले, कोणी शाळा काढल्या. बहिणाबाईंनी यांतले काही केले नाही. त्यांनी दळले, कांडले, भाकरी थापल्या, शेतात निंदले-खुरपले आणि मुले वाढवली. वरवर पाहिले तर चरित्र म्हणून सांगावे असे त्यांच्या आयुष्यात काही नाही. आपल्यापैकी प्रत्येकीच्या आजीचे आयुष्य असेच गेलेले आहे. पण हे सारे करताना त्या गात होत्या, आणि त्यांचे गाणे कोणीतरी लिहून ठेवले. त्या लिहून ठेवण्याविषयी मला शेवटी थोडे माझ्या घरचे सांगावयाचे आहे. आधी त्यांचे आयुष्य सांगते.

बहिणाबाईंचा जन्म १८८० साली ऑगस्टमध्ये, श्रावण महिन्यात झाला. जळगावजवळ असोदे म्हणून गाव आहे. तेथील महाजनांच्या घरची ही मुलगी. वडिलांचे नाव उखाजी आणि आईचे भीमाबाई. पाठीपोटी तीन भाऊ आणि तीन बहिणी, म्हणजे घर भरलेले. घरी शेती. त्या काळी खेड्यातल्या शेतकऱ्याच्या मुलीला शाळेत घालण्याचा विचारही कोणाच्या मनात येत नसे. तेव्हा बहिणाबाई पाटी-पेन्सिल न धरताच मोठ्या झाल्या. परंतु कान उघडे होते. सण आला की बायांची गाणी, पहाटेला जात्यावरच्या ओव्या, देवळात भजन आणि कीर्तन, गावात आलेले बहुरूपी आणि वासुदेव, हीच त्यांची शाळा.

खानदेशात अक्षय्य तृतीयेला आखजी म्हणतात. आपल्याकडे त्या दिवशी पितरांच्या नावाने घागर भरतात. तिकडे तो सासुरवाशिणींचाही मोठा सण. लेकी माहेरी येतात, झाडांना झोके बांधतात आणि गाणी म्हणतात. बहिणाबाईंनी पुढे आखजीवर गाणे रचले, ते लहानपणी झोक्यावर बसून जे पाहिले होते त्याच्याच आठवणीतून. माहेरची आठवण हा त्यांच्या गाण्यांतला एक मोठा धागा आहे. असोदे काही फार दूर नव्हते, जळगावपासून अवघे दोन-तीन कोस. पण सासुरवाशिणीला ते दोन कोससुद्धा किती लांब असतात, हे तुम्हां-आम्हांला सांगावयास नको.

वयाच्या तेराव्या वर्षी त्यांचे लग्न झाले. जळगावच्या खंडेराव चौधरी यांचे चिरंजीव नथुजी हे त्यांचे यजमान. घर मोठे, वाडा मोठा, माणसे पुष्कळ. अशा घरात तेरा वर्षांच्या सुनेच्या वाट्याला काय येते? पहाटे सर्वांच्या आधी उठावयाचे, जात्यावर बसावयाचे, शेण-पाणी, सडा-सारवण, चूल, भाकरी, मग शेतावर न्याहारी घेऊन जावयाचे. तिथे पुन्हा काम. संध्याकाळी घरी येऊन परत चूल.

जात्यावर दळण्याचे काम ज्यांनी केलेले नाही, अशा आजच्या मुलींसाठी थोडे सांगते. मी लहान असताना ते आजीबरोबर पुष्कळ केले आहे. जात्याला दोन पेडी असतात. खालची पेड जागेवर राहते आणि वरची फिरते. वरच्या पेडीच्या मधल्या तोंडात एका हाताने धान्याची मूठ टाकावयाची आणि दुसऱ्या हाताने खुंटा धरून फिरवावयाचे. दोघी समोरासमोर बसल्या तर एकच खुंटा दोघींच्या हाताने फिरतो. मूठ टाकण्याला एक वेळ असते आणि फेऱ्याला एक वेळ असते. ती चुकली की पीठ भरड पडते. या वेळेच्या मापानेच ओवी म्हटली जाते. गाण्याने श्रम हलके होतात असे म्हणतात ते खरेच आहे, पण माझ्या अनुभवाने सांगते की, त्या फेऱ्यानेच गाणे सुचते. हात गुंतलेले, डोळे अर्धवट झोपेत, घर निजलेले, आणि बोलावयास दुसरे कोणी नाही. दिवसभरात सुनेला स्वतःचे म्हणून काही बोलावयास मिळे ते तेवढ्याच वेळात.

बहिणाबाईंनी याच ओवीच्या मापात आपली गाणी रचली. जात्याला त्यांच्या बोलीत घरोट म्हणतात. त्या घरोटावर त्यांचे गाणे आहे. न पेटणाऱ्या चुलीवर आहे. डोळ्यांत धूर जाऊन पाणी येते, फुंकून फुंकून जीव कासावीस होतो, हे तुम्ही-आम्ही सर्वांनी भोगलेले. पण त्याचे गाणे होऊ शकते, हे कोणाच्या ध्यानात आले? पेरणी, कापणी, रगडणी, उपणणी, शेताच्या प्रत्येक कामावर त्यांनी गाणी केली. विहिरीवरची मोट, पोळा, गुढी उभारण्याचा दिवस, गावाला येणारा वैदू, काही म्हणून सोडले नाही.

सुगरण पक्ष्याच्या खोप्यावरचे त्यांचे गाणे पुष्कळांना पाठ असेल. विहिरीच्या काठी बाभळीला असे खोपे लटकलेले आपणही पाहतो. आपण पाहतो आणि पुढे जातो. बहिणाबाई थांबल्या. इवल्याशा चोचीखेरीज दुसरे हत्यार नसताना या पाखराने पिलांसाठी असे घर विणावे, आणि दोन हात असूनही माणसाने रडत बसावे, हा विचार त्यांना त्या झाडाखाली सुचला. आई होणाऱ्या बाईची नजर त्यात आहे. तसेच माणसाच्या मनावरचे त्यांचे गाणे. हाकलले तरी पुन्हा पुन्हा पिकात शिरणारे ढोर त्यांनी शेताच्या बांधावरून रोज पाहिले, आणि मन कसे असते हे सांगावयास त्यांना तेच आठवले. विद्वान लोक ज्यासाठी ग्रंथ लिहितात, ते या बाईने वावरात उभी राहून सांगितले.

आणखी एका गाण्याचे मला फार नवल वाटते. जळगावात नानाजींचा छापखाना होता. त्याच्या यंत्राचा धडधडाट बाजाराच्या वाटेने जाता-येता ऐकू येई. बहिणाबाईंनी त्या छापखान्यावर गाणे रचले. ज्या बाईला छापलेले एक अक्षर वाचता येत नव्हते, ती कोऱ्या कागदावर अक्षरे उमटून तो कागद शहाणा होतो, याचे कौतुक करीत उभी राहिली. आपलीही गाणी एक दिवस अशाच यंत्रातून निघतील आणि शाळेतली मुले ती घोकतील, हे तिच्या स्वप्नातही आले नसेल.

आता त्यांच्या आयुष्यातला दुःखाचा भाग सांगते. नथुजी वारले तेव्हा बहिणाबाईंचे वय अवघे तीस वर्षांचे होते. पदरी तीन मुले, मुलगी काशी आणि मुलगे ओंकार व सोपान. सोपान तर अगदी लहान, तीन वर्षांचा. ते दिवसही साधे नव्हते. त्याच्या आधी, १८९९-१९०० साली मोठा दुष्काळ पडला होता. खानदेशात आणि आपल्या वऱ्हाडातही माणसे आणि गुरे अन्नावाचून मेली. त्यातच प्लेगच्या साथी वारंवार येत. गावे ओस पडत, लोक रानात झोपड्या घालून राहत. थोरल्या ओंकाराला प्लेगने गाठले आणि त्यातून तो वाचला तरी कायमचा अपंग झाला. म्हणजे एका बाजूला वैधव्य, दुसऱ्या बाजूला अपंग मुलगा, आणि डोक्यावर शेतीचा भार.

त्या काळी विधवेचे काय हाल असत ते आपण वडीलधाऱ्या बायांकडून ऐकलेले आहे. सकाळी तिचे तोंड पाहू नये, शुभकार्यात तिने पुढे येऊ नये, असे म्हणणारे लोक होते. बहिणाबाईंनी या दुःखावर जे गाणे केले ते वाचताना माझ्या अंगावर काटा येतो. त्यात रडगाणे नाही. भविष्य सांगावयास दारी आलेल्या जोशाला त्या परत पाठवितात. माझे दैव मला ठाऊक आहे, तू सांगावयास नको, असा त्या गाण्याचा भाव आहे. कुंकू गेले, बांगड्या फुटल्या, पण मनगटातली करणी कोणी काढून घेऊ शकत नाही, हे त्यांनी ठणकावून सांगितले. नवऱ्यामागे राहिलेल्या मुलांकडे पाहून त्यांनी कंबर बांधली. रडत बसल्या असत्या तर कोणी नाव ठेवले नसते. पण शेतात पेरणीची वेळ कोणासाठी थांबत नाही, आणि भुकेले मूलही थांबत नाही.

आईपणाविषयी त्यांनी जे सांगितले ते कोठेही उपदेशासारखे नाही. सासरचा जाच असला तरी बाई का टिकून राहते, या प्रश्नाचे त्यांनी दिलेले उत्तर आपल्या सर्वांच्या परिचयाचे आहे. उद्या आपल्या लेकीला यावयास एक माहेर असावे, म्हणून आई सासरी नांदते. हा विचार मी प्रथम समजून घेतला तेव्हा माझे लग्न होऊन दोन वर्षे झाली होती आणि मांडीवर मुलगी होती. त्या दिवशी मला माझ्या आईचे सारे आयुष्य एकदम उमगले. तिने जे निमूटपणे सोसले, ते मी दिवाळीला येऊन दोन दिवस तिच्या ओसरीवर पाय पसरून बसावे, म्हणून होते.

अर्थात, आजच्या मुलीने जाच सोसावा असे मी म्हणत नाही. बहिणाबाईंनीही सोसणे थोर आहे असे कोठे म्हटलेले नाही. त्यांनी जे पाहिले ते सांगितले. त्याचा उपयोग कसा करावयाचा ते ज्याचे त्याने ठरवावे.

आता गाणी लिहून कशी ठेवली गेली ते सांगते. धाकटा सोपान शाळेत जाऊ लागला. पुढे तो कवी सोपानदेव चौधरी म्हणून नावारूपास आला. असे सांगतात की, एकदा त्याने आपल्या शाळेच्या पुस्तकातील सावित्री-सत्यवानाची गोष्ट आईला वाचून दाखविली. आईने ती कामे करता करता ऐकून घेतली. दुसरे दिवशी सकाळी पाहतो तर आईने त्या गोष्टीचे सबंध गाणे रचलेले! मुलगा चकित झाला. आपल्या आईजवळ काय आहे हे त्याच्या ध्यानात आले आणि तेव्हापासून तो आईची गाणी वहीत उतरवून घेऊ लागला. त्यांच्या मावसभावानेही या लिहून घेण्यात हात लावला.

त्या माउलीची रीत अशी होती की, काम चालू असताना गाणे ओठांवर येई आणि काम संपले की तेही हवेत विरून जाई. पुन्हा तेच म्हणा म्हटले तर आठवेलच असे नाही. म्हणजे जेवढी गाणी लिहिली गेली, त्याच्या कितीतरी पट गेली असतील. तीस वर्षे, चाळीस वर्षे रोज पहाटे दळताना जे म्हटले, ते कोणी मोजावे? पिठाबरोबर तेही संपले.

३ डिसेंबर १९५१ रोजी जळगावात बहिणाबाईंचे देहावसान झाले. त्या वेळी त्यांचे वय एकाहत्तर वर्षांचे होते. त्यांच्या गावात त्या चौधरी वाड्यातली वडील बाई म्हणूनच ओळखल्या जात होत्या. कवयित्री म्हणून त्यांना कोणी हार घातला नाही, सभेत कोणी सत्कार केला नाही. त्यांच्यामागे सोपानदेवांनी ती जुनी वही बाहेर काढली आणि आचार्य प्रल्हाद केशव अत्रे यांना दाखविली. दाखविताना त्यांना संकोच वाटत होता, असे म्हणतात. आपण स्वतः कवी, मोठमोठ्या लोकांत वावरणारे, आणि हे तर खेडवळ बोलीतले एका अडाणी बाईचे गाणे. लोक काय म्हणतील? परंतु अत्र्यांनी ऐकताच हे अस्सल सोने आहे हे ओळखले, आणि ते महाराष्ट्रापासून दडवून ठेवणे योग्य नाही असा आग्रह धरला. १९५२ साली 'बहिणाबाईंची गाणी' हे पुस्तक निघाले. त्याला अत्र्यांनी प्रस्तावना लिहिली. पहिल्या पुस्तकात अवघ्या ३५ कविता होत्या. तेवढ्या ३५ कवितांनी मोठमोठ्या साहित्यिकांच्या माना डोलविल्या.

पुढचे सर्व तुम्हांस माहीत आहे. १९६१ साली 'मानिनी' या मराठी चित्रपटात त्यांची गाणी आली आणि रेडिओवरून घराघरांत पोचली. शाळेच्या पुस्तकांत त्यांच्या कविता आल्या. २०१८ साली जळगावच्या विद्यापीठाला कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचे नाव देण्यात आले. जिने शाळेचा उंबरठा ओलांडला नाही, तिच्या नावाची पदवी आज हजारो मुले-मुली घेतात. जुन्या जळगावात त्यांच्या वाड्यात त्यांच्या वापरातील वस्तू जपून ठेवलेल्या आहेत. आपल्या मंडळाची सहल दरवर्षी शेगावला जाते. तशीच एकदा रेल्वेने पुढे भुसावळ-जळगावपर्यंत न्यावी, अशी माझी सूचना आहे.

आता माझे घरचे सांगते, आणि लेख आटोपता घेते.

माझे माहेर अकोला जिल्ह्यातले एक लहान खेडे. गावात शाळा सातवीपर्यंतच होती. पुढच्या शाळेसाठी दुसऱ्या गावी जावे लागे आणि वेळेवर एस. टी. नव्हती, म्हणून माझे शिक्षण तेथेच थांबले. शाळेच्या पुस्तकात बहिणाबाईंची कविता होती. गुरुजींनी ती पाठ करावयास सांगितली. मी संध्याकाळी ओसरीवर बसून ती मोठ्याने घोकू लागले. आजी जवळच मुगाची डाळ भरडत होती. गिरणी गावात आली होती तरी डाळीला तिला जातेच लागे. ऐकता ऐकता तिने खुंटा थांबविला आणि हे पुस्तकात आहे काय म्हणून विचारले. मी पान दाखविले. तिला वाचता येत नव्हते, पण तिने त्या पानावर हात फिरवून पाहिला. ही तर आपल्यासारखीच बोली, यात छापण्यासारखे काय आहे, असे म्हणून ती हसली. बहिणाबाईंची बोली खानदेशची, आमची वऱ्हाडी. पण मले, तुले, माय, वावर हे शब्द दोहींकडे सारखेच. आजीला त्या कवितेचा एकही शब्द समजावून सांगावा लागला नाही, गुरुजींना मात्र वर्गात दोन-तीन शब्दांवर अडावे लागले होते.

मग तिने पुन्हा जाते सुरू केले आणि आपल्या ओव्या म्हणू लागली. त्या कोणत्या पुस्तकातल्या नव्हत्या. तिच्या मेलेल्या पहिल्या मुलाविषयी, पुरात वाहून गेलेल्या गोठ्याविषयी, आमच्या आजोबांच्या रागीट स्वभावाविषयी, माझ्याविषयीसुद्धा तिने ओव्या केल्या होत्या. माझ्या मांडीवर वही होती, हातात पेन्सिल होती. मी सातवीत होते, अक्षर चांगले होते. मी एकही ओवी लिहिली नाही. मला पुस्तकातली कविता पाठ करावयाची होती.

पुढे लग्न होऊन मी अमरावतीस आले. येथे एका समारंभात मी आपल्या बोलीत काही बोलले, तेव्हा शेजारच्या दोघी एकमेकींकडे पाहून हसल्या. त्या दिवसापासून मी लोकांत पुस्तकी बोलू लागले. आजीच्या ओव्या त्यानंतर माझ्या ओठांवर कधी आल्या नाहीत. १९९९ साली आजी वारली. तेराव्याला आम्ही चार नाती आणि आई बसून तिच्या ओव्या आठवू लागलो. कोणाला सुरुवात आठवे तर शेवट नाही, कोणाला चाल आठवे तर शब्द नाहीत. पाचजणींना मिळून तीन ओव्या पुऱ्या करता आल्या नाहीत. माझ्यावरची ओवी तर कोणालाच आठवली नाही. ती फक्त तिला ठाऊक होती आणि मला. मला ती आज येत नाही.

सोपानदेवांची गोष्ट मी नंतर ऐकली, तेव्हा मला स्वतःची फार लाज वाटली. ते लहान होते, मीही लहान होते. त्यांच्या आईने गाणे म्हटले, माझ्या आजीनेही म्हटले. त्यांनी वही उघडली. माझ्या आजीची गाणी बहिणाबाईंच्या तोडीची होती असे मी म्हणत नाही. मला त्यातले कळत नाही. पण ती कशी होती हे आता कोणालाच सांगता यावयाचे नाही, ही गोष्ट मनाला लागते.

माझ्या सासूबाई, आम्ही त्यांना आत्याबाई म्हणतो, बहात्तर वर्षांच्या आहेत. यंदा उन्हाळ्यात मी त्यांना ओव्या सांगा म्हटले. प्रथम त्या नाही म्हणाल्या. त्यात लिहिण्यासारखे काय आहे, असे त्या म्हणाल्या, तेव्हा मला आजीचा हात त्या पानावर फिरताना दिसला. मी हट्ट धरला. खुर्चीवर बसून त्यांना एकही आठवेना. चार-पाच दिवस असेच गेले. मग एका दुपारी मी त्यांच्यापुढे सूप आणि पायलीभर ज्वारी ठेवली. पाखडता पाखडता त्यांचा हात लयीत आला, आणि काय सांगू, ओवी आपोआप आली! मी धावत जाऊन मुलीची अर्धी कोरी राहिलेली शाळेची वही आणली. आजपर्यंत एकोणीस ओव्या लिहून झाल्या आहेत. जशा त्या बोलतात तशाच लिहिल्या आहेत, शुद्ध करण्याच्या भरीस पडले नाही. त्यांतल्या दोन ओव्यांत आत्याबाईंनी त्यांच्या सासूविषयी असे काही म्हटले आहे की, ते या घरात पन्नास वर्षांत कोणी ऐकले नव्हते. लिहून झाल्यावर त्यांनी मला त्या दोन परत वाचावयास लावल्या आणि मग बराच वेळ त्या गप्प बसल्या.

भगिनींनो, आपल्या मंडळात अशा सासवा, आया, मावश्या घरी असलेल्या पुष्कळजणी आहेत. हळदीकुंकवाला आपण वाणे देतो. पुढच्या संक्रांतीला प्रत्येकीला एक कोरी वही वाण म्हणून द्यावी, आणि पुढच्या वर्धापनदिनाला ती भरून आणावी, असे मला सुचवावेसे वाटते. सगळ्याच काही बहिणाबाई निघणार नाहीत. परंतु कोणाच्या वहीत काय निघेल, ते उघडल्याशिवाय कसे कळावे?

माझ्या लेखनात चुका असतील त्या सर्वांनी सांभाळून घ्याव्यात. बहिणाबाईंच्या स्मृतीस नम्र अभिवादन करून आणि आपल्या मंडळाची अशीच भरभराट होवो, अशी इच्छा करून मी येथेच थांबते. आत्याबाईंची ज्वारी पाखडावयाची राहिली आहे.